व्हाइस ॲडमिरल भास्कर सदाशिव सोमण : आदेश, आक्षेप आणि न लढलेली लढाई (१९६१-१९६६)

प्रास्ताविक

मराठी इतिहासलेखनात आरमार हा विषय निघाला की लेखणी सहजच सतराव्या-अठराव्या शतकाकडे वळते. शिवकालीन जलदुर्ग, कान्होजी आंग्रे, विजयदुर्ग, खांदेरी या विषयांवर विपुल लेखन झाले आहे आणि ते योग्यच आहे. परंतु स्वतंत्र भारताच्या नौदलाचे सर्वोच्च पद विसाव्या शतकात एका मराठी अधिकाऱ्याने जवळजवळ पावणेचार वर्षे भूषविले, त्याच्या कारकिर्दीत देशावर दोन युद्धे आली, आणि त्यातील दुसऱ्या युद्धात त्याला आपल्या दलाची जहाजे एका ठराविक रेषेपलीकडे नेण्यास शासनानेच मनाई केली, ही गोष्ट आपल्या पाठ्यपुस्तकांत तर नाहीच, पण अभ्यासकांच्या चर्चेतही क्वचितच येते. व्हाइस ॲडमिरल भास्कर सदाशिव सोमण (१९१३-१९९५) हे ते अधिकारी होत.

१९६५ चे युद्ध वर्गात शिकविताना हाजी पीर, असल उत्तर, फिलोरा ही नावे फळ्यावर येतात. नौदलाचे काय, असा प्रश्न एखादा विद्यार्थी विचारतो तेव्हा शिक्षकाकडे एका वाक्यापलीकडे सांगण्यासारखे फारसे नसते. ‘१९६५ मध्ये नौदलाचा सहभाग नव्हता’ हे ते वाक्य. प्रस्तुत लेखाचा आग्रह इतकाच की हे वाक्य अपुरे आहे. सहभाग नव्हता की सहभागी होऊ दिले नाही, आणि तसे असल्यास त्या वेळी नौदलप्रमुखाने काय केले, हे प्रश्न त्या वाक्यात बुजून जातात. सोमण यांचे संपूर्ण चरित्र सांगणे येथे योजलेले नाही. १९६१ ते १९६६ या सुमारे पाच वर्षांपुरतेच, म्हणजे त्यांच्या हाती निर्णायक अधिकार होते किंवा असावयास हवे होते त्या काळापुरतेच, हे विवेचन मर्यादित आहे.

पूर्वपीठिका : उधार नेतृत्वाचे दल

सोमण ज्या पिढीचे होते त्या पिढीची अडचण लक्षात घेतल्याशिवाय पुढील घटनांचा अर्थ लागत नाही. स्वातंत्र्यप्राप्तीच्या वेळी भूदलाकडे भारतीय ज्येष्ठ अधिकाऱ्यांची एक फळी तयार होती. १५ जानेवारी १९४९ रोजी जनरल करिअप्पा यांनी भूदलाची सूत्रे स्वीकारली. नौदलाचे तसे झाले नाही. रॉयल इंडियन नेव्हीतील भारतीय अधिकारी संख्येने थोडे व श्रेणीने कनिष्ठ असल्यामुळे स्वतंत्र भारताचे नौदल एप्रिल १९५८ पर्यंत ब्रिटिश अधिकाऱ्यांच्याच नेतृत्वाखाली राहिले. हॉल, पॅरी, पिझी आणि कार्लिल या चौघांनंतर २२ एप्रिल १९५८ रोजी व्हाइस ॲडमिरल रामदास कटारी हे पहिले भारतीय नौदलप्रमुख झाले. सोमण हे दुसरे.

याचा परिणाम केवळ प्रतिष्ठेपुरता नव्हता. राजधानीतील सत्तावर्तुळात ज्याला आपण वावर म्हणतो, तो भूदलाच्या अधिकाऱ्यांना नौदलाच्या अधिकाऱ्यांपेक्षा नऊ-दहा वर्षे आधी मिळाला. मंत्री व सचिव भूदलाच्या सेनापतींशी बोलण्यास सरावले होते. समुद्राविषयी कोणाशी बोलावे, आणि मुळात बोलावे की नाही, याची सवयच दिल्लीला नव्हती. श्रेणीतही हे अंतर दिसते. भूदलप्रमुख जनरल असत, तर नौदलप्रमुखाचे पद १९६८ पर्यंत व्हाइस ॲडमिरलचेच राहिले. बैठकीत खुर्च्यांचा क्रम श्रेणीवरून लागतो आणि बोलण्याचा क्रम पुष्कळदा खुर्च्यांवरून. ही बाब किरकोळ वाटते, पण प्रशासनाचा इतिहास अभ्यासणाऱ्याने ती किरकोळ मानू नये.

गोवा, डिसेंबर १९६१

सोमण यांचे नाव प्रथम ठळकपणे पुढे येते ते गोवामुक्तीच्या कारवाईत. नोव्हेंबर १९६१ मध्ये कारवारजवळील अंजदीव बेटावरील पोर्तुगीज शिबंदीने ‘साबरमती’ या भारतीय जहाजावर गोळीबार केला. त्याच परिसरात मच्छीमारांवरही गोळ्या झाडण्यात आल्या. त्यानंतर लष्करी कारवाईचा निर्णय झाला आणि ‘ऑपरेशन विजय’ची आखणी सुरू झाली. तिन्ही दलांची ती एकत्रित मोहीम होती. भूदलाच्या दक्षिण विभागाचे प्रमुख लेफ्टनंट जनरल जे. एन. चौधरी यांच्याकडे भूदलाचे, एअर व्हाइस मार्शल एर्लिक पिंटो यांच्याकडे हवाई दलाचे आणि भारतीय ताफ्याचे अधिपती म्हणून रिअर ॲडमिरल सोमण यांच्याकडे समुद्रावरील नेतृत्व होते. ‘म्हैसूर’ ही क्रूझर त्यांची ध्वजनौका होती. ‘विक्रांत’ ही विमानवाहू नौका ३ नोव्हेंबर १९६१ रोजीच मुंबईस पोहोचलेली. तीही या मोहिमेत खोल समुद्रात गस्तीस ठेवण्यात आली.

१८ डिसेंबर रोजी मुरगाव बंदरात ‘बेतवा’ व ‘बियास’ या फ्रिगेटांनी पोर्तुगीज युद्धनौका ‘अफोन्सो द अल्बुकर्क’ हिच्यावर मारा केला. कप्तान जखमी झाला आणि अखेर ती नौका किनाऱ्यास लावून सोडून देण्यात आली. दीवकडे ‘दिल्ली’ ही क्रूझर होती. जलयुद्ध म्हणून ही कारवाई विषम होती हे मान्यच केले पाहिजे. १९३० च्या दशकातील एकाकी नौकेस घेरणाऱ्या आधुनिक फ्रिगेटांच्या विजयाचा फार गवगवा करण्याचे कारण नाही.

अंजदीवची गोष्ट मात्र वेगळी आहे. तेथे ‘त्रिशूल’ व ‘म्हैसूर’ यांच्या आश्रयाने नौसैनिकांची तुकडी उतरविण्यात आली. पहिल्या खेपेस फारसा प्रतिकार झाला नाही आणि किनाऱ्यावर पांढरे निशाण दिसले. त्यानंतर मात्र उतरणाऱ्या नौसैनिकांवर गोळीबार झाला. सात नौसैनिक मृत्युमुखी पडले. बेटावर त्यांचे स्मारक आहे. जमिनीवर चढाई करण्याचे प्रशिक्षण हे नौसैनिकांचे मुख्य प्रशिक्षण नव्हे, तरी हे काम त्यांच्याकडे आले आणि त्यांनी ते पार पाडले. गोवामुक्तीच्या मराठी लेखनात सत्याग्रही, आझाद गोमंतक दल आणि भूदल यांचा उल्लेख साहजिकपणे येतो. अंजदीवचे हे सात जण बहुधा तळटीपेतही येत नाहीत.

या मोहिमेतील एक गोष्ट पुढील विवेचनासाठी ध्यानात ठेवावी. १९६१ मध्ये नौदलाला काय करावयाचे हे आधी सांगितले गेले होते. उद्दिष्टे ठरलेली होती, तिन्ही दलांचे सेनानी परस्परांशी बोलत होते आणि चौधरी व सोमण हे एकाच आखणीचे भागीदार होते. चार वर्षांनी हेच दोघे दिल्लीत आपापल्या दलाचे प्रमुख होते. तेव्हा मात्र ही भागीदारी उरली नव्हती.

नौदलप्रमुखपद आणि साधनांची चणचण

जून १९६२ च्या आरंभी सोमण यांनी नौदलप्रमुखपद स्वीकारले. चारच महिन्यांत चीनचे आक्रमण झाले. हिमालयातील त्या युद्धात नौदलाला प्रत्यक्ष काम नव्हते. तथापि त्याचा आघात नौदलावर दुसऱ्या मार्गाने झाला. पराभवानंतर देशाची सारी चिंता उत्तर सीमेवर केंद्रित झाली. १९६४ ते १९६९ या काळासाठीच्या संरक्षण योजनेत भूदलाचे संख्याबळ ८ लाख २५ हजार आणि हवाई दलाच्या ४५ तुकड्या अशी स्पष्ट लक्ष्ये ठरली. नौदलाच्या वाट्यास मुख्यतः जुन्या नौकांच्या जागी नव्या आणण्याचे आश्वासन आले. त्या परिस्थितीत कोणतेही शासन याहून वेगळे वागले असते असे म्हणता येत नाही. बोमडिला पडल्याची बातमी ताजी असताना क्रूझरसाठी पैसे मागणाऱ्याकडे कोण लक्ष देणार?

तरीही या काळात काही पाया रचला गेला. हवाई शाखेचा ‘हंसा’ हा तळ १९६४ मध्ये गोव्यातील दाबोळीस आला. पोर्ट ब्लेअर येथे ‘जारवा’ हा तळ त्याच वर्षी उभा राहिला. माझगाव गोदीत लिअँडर वर्गाच्या फ्रिगेटी बांधण्याचा निर्णय याच कारकिर्दीतला. त्यांतील पहिली ‘निलगिरी’ १९७२ मध्ये दाखल झाली, म्हणजे निर्णय घेणारे निवृत्त होऊन सहा वर्षे लोटल्यावर. नौदलाचा इतिहास नेहमीच असा उशिराने पावणारा असतो. ज्याने पेरले त्याच्या हाती पीक लागत नाही आणि ज्याच्या हाती रिते कोठार आले त्याला दोष लागतो.

पाणबुड्यांचा प्रश्न सर्वांत निकडीचा होता. पाकिस्तानला १९६४ मध्ये अमेरिकेकडून ‘गाझी’ ही पाणबुडी मिळाली. भारताकडे एकही नव्हती. संरक्षणमंत्री यशवंतराव चव्हाण यांनी १९६४ मध्ये अमेरिका, सोव्हिएत संघ व ब्रिटन या तिन्ही देशांशी बोलणी केली. नौदलाची घडण ब्रिटिश होती आणि ब्रिटिश पाणबुड्यांकडेच त्याचा स्वाभाविक ओढा होता; परंतु ब्रिटनने मागितलेली किंमत व अटी परवडणाऱ्या नव्हत्या आणि अमेरिकेकडून काही हाती लागले नाही. सोव्हिएत संघाने देऊ केले ते स्वीकारणे भाग पडले. १९६५ मध्ये झालेल्या करारान्वये चार पाणबुड्या, पाच पेट्या वर्गाच्या नौका आणि इतर काही जहाजे मिळण्याचे निश्चित झाले. पहिली पाणबुडी ‘कलवरी’ ८ डिसेंबर १९६७ रोजी नौदलात दाखल झाली. या कराराचा धागा लेखाच्या शेवटी पुन्हा येईल.

सप्टेंबर १९६५ : रेषा

१ सप्टेंबर १९६५ रोजी पाकिस्तानी रणगाडे छांब क्षेत्रात घुसले. त्याच दिवशी सायंकाळी हवाई दलाला उड्डाणाची परवानगी देण्यात आली. ६ सप्टेंबरला भारतीय भूदलाने लाहोरच्या दिशेने आघाडी उघडली. या सर्व निर्णयांत पंतप्रधान लालबहादूर शास्त्री व संरक्षणमंत्री चव्हाण यांची मुख्य खलबते जनरल चौधरी आणि एअर मार्शल अर्जन सिंग यांच्याशी झाली. नौदलप्रमुख या आतील वर्तुळात नव्हते.

त्या वेळी नौदलाची स्थिती काय होती? ‘विक्रांत’ मुंबईत दुरुस्तीखाली होती. मुख्य ताफा सप्टेंबरच्या आरंभी देशाच्या पूर्वेकडील समुद्रात होता आणि तेथून त्यास मुंबईकडे बोलावण्यात आले. देशाकडे तेव्हा एकच ताफा होता हे विसरता कामा नये; पश्चिम व पूर्व असे दोन ताफे १९६८ नंतरचे आहेत. इंडोनेशियाने पाकिस्तानला उघड सहानुभूती दाखविल्याने अंदमान-निकोबारची चिंता शासनास वाटत होती आणि ती अगदीच निराधार नव्हती. थोडक्यात, एका ताफ्याने काठियावाडही राखावा व अंदमानही राखावे, अशी ही अपेक्षा होती.

७ सप्टेंबरच्या मध्यरात्रीच्या सुमारास ‘बाबर’ ही क्रूझर आणि ‘खैबर’, ‘बद्र’, ‘जहांगीर’, ‘आलमगीर’, ‘शाहजहान’ व ‘टिपू सुलतान’ अशा एकूण सात पाकिस्तानी नौकांनी द्वारकेवर तोफांचा मारा केला. सुमारे साडेतीनशे गोळे डागण्यात आले. त्यातील पुष्कळसे मऊ जमिनीत रुतून फुटलेच नाहीत. रेल्वेचे विश्रामगृह आणि काही इमारतींची हानी झाली. मंदिर सुरक्षित राहिले. लष्करी दृष्ट्या हा हल्ला क्षुल्लक होता. भारतीय जहाजांना मुंबईबाहेर ओढून ‘गाझी’च्या तोंडी देणे हा त्यामागील एक हेतू होता आणि तोही सफल झाला नाही. ‘तलवार’ ही भारतीय फ्रिगेट जवळच ओखा बंदरात होती, पण तिच्या यंत्रणेत बिघाड झालेला असल्याने ती बाहेर पडली नाही. दुसऱ्या दिवशी तिला द्वारकेस हानीची पाहणी करण्यासाठी पाठविण्यात आले.

क्षुल्लक हल्ल्याचे मानसिक परिणाम मात्र क्षुल्लक नव्हते. द्वारका हे चार धामांपैकी एक. किनाऱ्यापासून पाच-सहा मैलांवर शत्रूच्या सात नौका येतात, गोळे डागतात आणि सुखरूप परत जातात, हे देशाला व संसदेला सहन झाले नाही. ‘नौदल कोठे होते?’ हा प्रश्न विचारला गेला. पाकिस्तान आजही ८ सप्टेंबर हा दिवस नौदल दिन म्हणून पाळतो.

नौदल कोठे होते याचे एक उत्तर संरक्षण मंत्रालयाच्या फायलीत होते. युद्धकाळात मंत्रालयातील ज्येष्ठ अधिकाऱ्याने नोंदविलेल्या आदेशानुसार नौदलाने मुंबईपासून दोनशे मैलांच्या पलीकडे जाऊ नये आणि पोरबंदरच्या अक्षांशाच्या उत्तरेस कारवाई करू नये, असे बंधन घालण्यात आले होते. नौदलाच्या इतिहासाच्या लेखनात, विशेषतः व्हाइस ॲडमिरल गुलाब हिरानंदानी यांच्या ‘ट्रान्झिशन टू ट्रायम्फ’ या ग्रंथात, या आदेशाची चर्चा आली आहे.

या आदेशाचा अर्थ नकाशा उघडून पाहिल्याशिवाय कळत नाही. पोरबंदर साधारण २१ अंश ३८ मिनिटे उत्तर अक्षांशावर आहे आणि द्वारका २२ अंश १४ मिनिटांवर. म्हणजे ज्या द्वारकेवर गोळे पडले ती या रेषेच्या छत्तीस सागरी मैल उत्तरेस येते. ओखा त्याहून उत्तरेस. कांडला बंदर आणि कच्छचे सारे आखातही रेषेपलीकडे. शत्रूचा किनारा वर्ज्य करणारी मर्यादा समजू शकते. येथे मर्यादेने भारताच्याच किनाऱ्याचा एक तुकडा नौदलाच्या कार्यकक्षेबाहेर ठेवला होता. मुंबई ते कराची हे सागरी अंतर पाचशे मैलांच्या आसपास आहे. दोनशे मैलांच्या दोरीने बांधलेला ताफा त्याच्या निम्म्या वाटेवरही पोहोचत नाही. फायलीवर ही ओळ लिहिणाऱ्याने नकाशा पाहिला होता की नाही, असा प्रश्न मनात येतो. पाहिला असेल तर अधिकच गंभीर.

शासनाची बाजू मांडल्याशिवाय पुढे जाणे न्याय्य होणार नाही. शास्त्रींना युद्ध जमिनीपुरते व शक्य तितके आखूड ठेवावयाचे होते. समुद्रावर संघर्ष पसरला असता तर इतर देशांच्या व्यापारी जहाजांचा प्रश्न आला असता आणि परकीय हस्तक्षेपास निमित्त मिळाले असते. ‘विक्रांत’ निकामी, ‘गाझी’ मोकळी, पूर्वेस अंदमानची काळजी; अशा वेळी एखादी क्रूझर बुडाली असती तर तीन वर्षांपूर्वीच्या पराभवाने आधीच खचलेल्या लोकमनावर काय परिणाम झाला असता, याचाही विचार झाला असणार. राजकीय नेतृत्वाने युद्धाची व्याप्ती ठरविणे हे लोकशाहीत त्याचे कामच आहे. त्यामुळे बंधन घातले, यात प्रस्तुत लेखकास दोष दिसत नाही. दोष दिसतो तो बंधन घालण्याच्या रीतीत. ज्या दलावर बंधन घालावयाचे त्याच्या प्रमुखाशी आधी विचारविनिमय न करता, आखणीत त्यास सामील न करता, युद्धाच्या ऐन धामधुमीत फायलीवरील टिपणीने समुद्रावर रेषा ओढण्यात आली. १९६१ ची भागीदारी येथे संपली होती.

आक्षेप आणि आज्ञापालन

सोमण यांनी हा आदेश मुकाट्याने स्वीकारला नाही. त्यांनी संरक्षणमंत्र्यांकडे आक्षेप नोंदविला, पंतप्रधानांपर्यंत आपले म्हणणे नेले आणि निर्णय बदलणार नाही असे स्पष्ट झाल्यावर तो पाळला. उरलेले युद्ध नौदलाने मुंबईच्या व व्यापारी जहाजांच्या संरक्षणात आणि पाणबुडीच्या शोधात घालविले. २२ सप्टेंबरच्या सुमारास ‘गाझी’ने ‘ब्रह्मपुत्र’ ही फ्रिगेट बुडविल्याचा दावा पाकिस्तानने केला, पण ती नौका सुखरूप होती. २३ सप्टेंबरला युद्धविराम झाला.

येथे एक तपशील मराठी वाचकास विशेष जाणवावा. आदेश देणाऱ्या मंत्रालयाचे प्रमुख चव्हाण आणि आदेश घेणारे सोमण, दोघेही मराठी. सह्याद्री हिमालयाच्या मदतीला धावला, हे त्या काळी चव्हाणांविषयी सर्वत्र म्हटले जाई. त्या सह्याद्रीच्या पायथ्याशी असलेल्या समुद्राचा अधिपतीही त्याच भाषेचा होता, हे कोणी म्हटले नाही. भाषा एक असल्याने निर्णय सोपा झाला असे दिसत नाही, आणि तसा तो व्हावा अशी अपेक्षाही चुकीची ठरेल. चव्हाणांची त्या युद्धाच्या काळातील दैनंदिनी राम प्रधान यांनी संपादित करून २००७ मध्ये प्रकाशात आणली. सोमण यांच्या बाजूने तशी दैनंदिनी नाही. त्यामुळे त्या दिवसांचा विचार करताना आपण नकळत मंत्र्याच्या मेजाच्या बाजूने बसतो, पलीकडच्या खुर्चीवर बसत नाही.

सोमण यांनी राजीनामा द्यावयास हवा होता, असे म्हणता येईल. हा आक्षेप गंभीर आहे आणि तो झटकून टाकता येत नाही. आपल्या दलाला लढू दिले जात नाही, आपला व्यावसायिक सल्ला मानला जात नाही, संसदेत आपल्या दलाची अवहेलना होते आणि खरे कारण आपण उघड सांगू शकत नाही, अशा स्थितीत पद सोडणे हा एकच स्वाभिमानी मार्ग होता, असा तो युक्तिवाद. त्याला उत्तर देताना १९५९ ची घटना आठवते. भूदलप्रमुख जनरल थिमय्या यांनी कृष्ण मेनन यांच्याशी झालेल्या मतभेदांवरून ३१ ऑगस्ट १९५९ रोजी राजीनामा दिला, पंडित नेहरूंच्या सांगण्यावरून तो परत घेतला आणि नंतर संसदेत त्यांच्यावरच टीका झाली. त्या प्रकरणातून भूदलाच्या हाती काही लागले नाही. तेही शांततेच्या काळात. सोमण यांच्यापुढील प्रश्न युद्ध चालू असतानाचा होता. ६ ते २३ सप्टेंबर या अठरा दिवसांत नौदलप्रमुखाने राजीनामा दिला असता तर त्याचा लाभ कराचीत झाला असता, मुंबईत नव्हे.

पण मग युद्धविरामानंतर? ताश्कंद करार १० जानेवारी १९६६ रोजी झाला, दुसऱ्याच दिवशी शास्त्रींचे निधन झाले आणि ३ मार्चला सोमण ठरल्या वेळी निवृत्त झाले. त्या पाच महिन्यांत ते बोलू शकले असते. बोलले नाहीत. हिरानंदानींच्या ग्रंथात आलेल्या आठवणी ही त्यांची बाजू, आणि ती पुष्कळ उशिरा आली. या मौनाचे समर्थन मला पूर्णपणे करता येत नाही. ज्या नागरी नियंत्रणाचा आपण योग्यच अभिमान बाळगतो, त्याची किंमत कधीकधी एका माणसाच्या लौकिकातून चुकती होते, एवढे मात्र त्यावरून दिसते. लष्करी प्रमुखाने वर्तमानपत्रातून आपली बाजू मांडू लागावे अशी व्यवस्था शेजारच्या देशात कोठे गेली, हे त्या पिढीने १९५८ सालीच पाहिले होते.

निवृत्तीनंतर

सोमण यांच्यानंतर नौदलप्रमुख झालेले ॲडमिरल ए. के. चटर्जी यांच्या काळात पदाची श्रेणी वाढली व पाणबुड्या आल्या. १९७० मध्ये ॲडमिरल सरदारीलाल मथरादास नंदा यांच्याकडे सूत्रे आली. १९६५ विषयीची सल त्या साऱ्या पिढीच्या मनात होती. नंदांनी मात्र एक गोष्ट वेगळी केली. युद्ध सुरू होण्याची वाट न पाहता ऑक्टोबर १९७१ मध्ये ते पंतप्रधान इंदिरा गांधी यांना भेटले आणि नौदलाने कराचीवर हल्ला केल्यास शासनाला राजकीय हरकत आहे काय, असे त्यांनी थेट विचारले. हरकत नाही असा त्यांनी उत्तराचा अर्थ घेतला आणि ती भेट त्यांनी आपल्या आत्मचरित्रात नोंदविली आहे. फायलीवर टिपणी येण्याआधीच प्रश्न विचारून मोकळे होणे, ही युक्ती कोणत्याही युद्धशास्त्राच्या ग्रंथात नाही. ती १९६५ च्या सप्टेंबरने शिकविली होती.

४ डिसेंबर १९७१ च्या रात्री ‘निपात’, ‘निर्घात’ आणि ‘वीर’ या तीन क्षेपणास्त्रनौका कराचीकडे गेल्या. त्यांच्या सोबतीस ‘किल्तान’ व ‘कच्छाल’ या पेट्या वर्गाच्या दोन नौका होत्या. हा नौकावर्ग भारताकडे आला तो सोमण यांच्या काळातील १९६५ च्या कराराने. त्या रात्री बुडालेल्या पाकिस्तानी नौकांत ‘खैबर’ होती, जिने सहा वर्षांपूर्वी द्वारकेवर तोफा डागल्या होत्या. द्वारकेवर आलेल्या सात नौकांपैकी दुसरी, ‘शाहजहान’, हिचीही त्या रात्री मोठी हानी झाली. सोमण तेव्हा पाच वर्षांचे निवृत्त होते, वयाची एकोणसाठी गाठत आलेले. त्यानंतर ते आणखी तेवीस वर्षे जगले आणि ८ फेब्रुवारी १९९५ रोजी त्यांचे निधन झाले. भारताचा नौदल दिन ४ डिसेंबरला असतो.